सीडिंग कोणी केलं?

१

चार नंबरच्या टाकीचं झाकण उघडलं आणि हर्षितने आत बॅटरीचा झोत टाकला. आत पातळ असं काही नव्हतंच. परवा संध्याकाळी मधासारखा सोडून गेलेला दोन हजार लिटर रस जागच्या जागी बसला होता. पांढराफटक आणि दगडासारखा कडक. रस ढवळणाऱ्या स्टररचं पातं त्यात गळ्यापर्यंत रुतून गेलेलं.

"सीडिंग!" हर्षित ओरडला. "कोणीतरी मुद्दाम सीडिंग केलंय!"

तारापूरच्या औद्योगिक वसाहतीत बातमीला पाय नसतात, चाकं असतात. शिफ्टची बस रिकामी व्हायच्या आत ती कारखानाभर फिरली. अर्ध्या तासात चाळीस कामगार अंगणात उभे केले गेले आणि हर्षितने त्यांच्यासमोर एक कागद खणखणीत आवाजात वाचला. कंत्राटी कामगार जिवल्या धोदडे, राहणार बेटेगाव, याने काल सुट्टीच्या दिवशी आत येऊन टाकीत सीडिंग केले आणि माल बिघडवला. दुपारी तीन वाजता तक्रार पोलिसांत जाईल.

जिवल्या हातात जेवणाचा डबा घेऊन खाली मान घालून उभा होता. एकोणीस वर्षं कंत्राटावर काढल्यावर येत्या एक तारखेला तो कायम होणार होता. आता कायम राहणार होता तो फक्त डाग.

मालक निमेश शहा याने मात्र कागदावर सही करायच्या आधी एक फोन केला. फोन गेला पालघरजवळच्या माहीमला, विड्याच्या पानांच्या वाडीत. विजयाबाई चुरी तिथे वेलींना बांधण करत होत्या. पालघरच्या कॉलेजात बत्तीस वर्षं रसायनशास्त्र शिकवून निवृत्त झालेली ही बाई. निमेशला त्यांनी तोंडी परीक्षेत दोनदा नापास केलं होतं आणि त्या गोष्टीचा दोघांनाही अजून अभिमान होता.

"मॅडम, सीडिंगचं कोणीतरी... तीन वाजता पोलिसांत कागद जाणार आहे..."

"कळलं. मी येते. तीनच्या आधी तो कागद बाहेर गेला तर तिसऱ्यांदा नापास करीन."

२

फाटकावर पुंजाराम होता. सरावलीत भाड्याच्या खोलीत राहणारा, गोड बोलणारा पहारेकरी. त्याच्या सायकलच्या कॅरियरला एक निळं पिंप दोरीने करकचून बांधलेलं होतं.

"हे कुठे निघालं?" विजयाबाईंनी सहज विचारलं.

"घरी, बाई. आमच्याकडं पाणी एक दिवसाआड येतं. किती दिवस मागत होतो, काल साहेबांना दया आली. आज ड्यूटी सुटली की नेतो."

बाईंनी पिंपावर बोटाने टिचकी मारली, आत डोकावून कडेवरून बोट फिरवलं, ते पदराला पुसलं आणि नोंदवही मागितली. कालच्या पानावर तीनच नावं. वैष्णवी, प्रयोगशाळेतली, सकाळी दहा ते एक. हर्षित साहेब, साडेअकरा ते पाऊण. जिवल्या, दुपारी अडीच ते तीनला दहा कमी.

"सुट्टीच्या दिवशी बरी वर्दळ असते तुमच्याकडे," बाई म्हणाल्या.

निमेशच्या केबिनमध्ये चहा आला, पण बाईंनी आधी टाकी बघितली आणि मग चहा घेतला. निमेशने सगळं सांगितलं. त्यांची पूड औषधं बनवणाऱ्या मोठ्या कंपनीला जाते. पूड गरम पाण्यात विरघळवायची, गाळायची, पंचेचाळीस अंशांपर्यंत निववायची. तिथे रस विचित्र अवस्थेत असतो. त्याला दाणा धरायचा असतो, पण सुरुवात कुठून करायची ते त्याला उमजत नाही. असा तो तासन्‌तास पातळच राहतो. मग मागच्या चांगल्या मालातली चिमूटभर पूड त्यात सोडतात, की तिच्याभोवती सावकाश, एकसारखे दाणे वाढतात. यालाच सीडिंग म्हणायचं. ती चिमूट किती, कधी, कशी, हे एकोणीस वर्षं जिवल्याच ठरवत आला होता.

"आज दुपारनंतर करणार होतो," निमेश म्हणाला. "उद्या त्या कंपनीची माणसं तपासणीला येतात, त्यांना ताजा माल दाखवायचा होता. आता काय दाखवू? टाकीतला दगड?"

"बीजाची बाटली?"

ती कपाटात होती. तपकिरी काचेची, तोंडावर कागदी सील, सीलवर जिवल्याची आणि वैष्णवीची सही. बाईंनी ती वजनकाट्यावर ठेवली. चिठ्ठीवर लिहिलं होतं तेवढंच भरलं.

"म्हणजे बीज इथलं नाही," बाई पुटपुटल्या. "मग आलं कुठून?"

तेवढ्यात दार ढकलून हर्षित आत आला. अठ्ठावीस वर्षांचा, निमेशचा सख्खा भाचा, व्यवस्थापनाची पदवी घेऊन आठ महिन्यांपूर्वी कारखान्याचा प्रमुख झालेला. त्याच्या हातात एक पत्र्याची डबी होती.

"मामा, जिवल्याच्या लॉकरमध्ये सापडली." त्याने झाकण उघडलं. आत पांढरी पूड होती. "घ्या तुमचं बीज!"

३

निमेशने कपाळाला हात लावला. विजयाबाईंनी डबी नाकाशी नेली आणि कॅन्टीनमधून चिमूटभर हळद मागवली. हळद आली. बाईंनी बशीत थोडी पूड घेतली, पाण्याचे दोन थेंब सोडले आणि वर हळद भुरभुरवली. बशीत लालभडक कुंकू झालं.

"चुना," बाई म्हणाल्या. "वाळलेला. आमच्या घरात चार पिढ्या पान पिकतंय हो, चुना ओळखायला मला प्रयोगशाळा लागत नाही. तंबाखू खाणं वाईट, पण त्याला अजून पोलीस पकडत नाहीत."

हर्षितचे कान लाल झाले. "घरून आणलं असेल मग बीज! सीडिंग करायला दुसरं कोण जाणार? प्लांटमध्ये सीडिंग त्यालाच येतं."

"तू हा शब्द फार छान म्हणतोस," बाईंनी वही उघडली. "मला सवय आहे, बाबा, शब्द आला की अर्थ विचारायची. तिघांनाही विचारणार आहे. सीडिंग म्हणजे काय?"

हर्षित हसला. मामाकडे बघून हसला, म्हणजे म्हातारीचे लाड चालू द्या अशा अर्थाने. "बेसिक आहे, मॅडम. चांगल्या मालाचं बीज रसात टाकायचं. ते रसात विरघळतं, त्याचा गुण सगळ्या रसाला लागतो, आणि मग दाणे पडतात. प्रत्येक मीटिंगमध्ये मी हेच सांगतो."

"लिहून दे बरं. खाली सही कर. काल इथे कशाला आला होतास?"

"उद्याच्या तपासणीचे कागद. केबिनमध्येच होतो. टाकीकडे फिरकलोही नाही."

त्याने ऐटीत सही केली. बाईंनी कागद घडी करून पर्समध्ये टाकला. बत्तीस वर्षांत हजार पोरांच्या चेहऱ्यांवर त्यांनी पाठांतर आणि समज यांतला फरक वाचला होता. इथे तर पाठांतरही धड नव्हतं. पण उत्तर चुकणं हा काही गुन्हा नव्हे, नाहीतर अर्धं पालघर तुरुंगात असतं.

४

वैष्णवी घाबरलेली होती, आणि ते तिला लपवता येत नव्हतं. हातातलं पेन उघडत होती, मिटत होती.

"सीडिंग म्हणजे काय गं?"

"अतिसंपृक्त द्रावणात त्याच पदार्थाचे सूक्ष्म स्फटिक मिसळून स्फटिकीकरण नियंत्रित रीतीने घडवून आणणे."

"पुस्तक मीही वाचलंय. बीज रसात विरघळलं तर?"

"विरघळलं तर सीडिंग फसलं, मॅडम. मग बीज टाकलं काय, न टाकलं काय. ते न विरघळता टिकलं पाहिजे, म्हणून तर रस आधी निववायचा. कढत रसात टाकलं तर जातं विरघळून."

"शाब्बास. काल तीन तास काय करत होतीस?"

पेन थांबलं. वैष्णवीने दाराकडे बघितलं. "रुटीन टेस्ट."

"नोंद दाखव."

नोंद नव्हतीच. बाई गप्प राहिल्या. विद्यार्थ्यांपुढे गप्प राहणं हे त्यांचं सगळ्यात जुनं हत्यार होतं, आणि दोन मिनिटांत ते लागू पडलं. पोरीच्या डोळ्यांत पाणी आलं.

"वापीच्या एका कंपनीचा इंटरव्ह्यू होता, मॅडम. फोनवर. घरी आई-बाबा, शेजारी, सगळा गलका, म्हणून इथे येऊन दिला. निमेश सरांना सांगू नका. पण खरं सांगते, मी टाकीकडे गेले नाही. बाराच्या सुमाराला मात्र तिकडून काहीतरी ढप्पकन पडल्यासारखा आवाज आला. मला वाटलं, मांजर असेल."

"मांजर जड असणार," बाई म्हणाल्या.

हे खरं, की स्वतःला वाचवायला रचलेलं? बाराच्या सुमाराला आत दोनच माणसं होती. त्यांतलं एक आत्ता समोर रडत होतं, आणि रडणाऱ्या माणसावर विश्वास ठेवायचा नाही हे बाई केव्हाच शिकल्या होत्या.

५

जिवल्याला केबिनमध्ये बोलावलं तर तो बसेना. बाईंनी खुर्ची पुढे सरकवली.

"बसा. तुम्ही बसल्याशिवाय मी विचारणार नाही."

त्याला 'तुम्ही' म्हणणारं त्या इमारतीत कोणी नव्हतं. तो कडेला टेकला.

"बाई, मी काय केला नाय."

"ते नंतर. आधी सांगा, सीडिंग म्हणजे काय?"

जिवल्याने जरा विचार केला. "ताडी उतरवताना मडका धुतला नाय, तर काय होते? कालचा जरासा तळाला राहते, आणि आजचा गोड रस दुपारपर्यंत आंबून जाते. कालचा आजच्याला वाट दाखवते. तसाच हाय हा. पण मडक्यात आपोआप होते, आणि टाकीत आपण करतो. चांगलाच बीज लागते. टाकीला हात लावून बगायचा. कढत असेल तर बीज मरून जाते, विरघळते. फार थंड झाली तर सगळा एकदम बसते, दगड होते. मदे एक वेळ येते, तवाच सोडायचा. थोडासाच. भरमसाट टाकला तर दाणा बारीक पडते, गाळताना कापडात अडकते."

बाईंनी वहीत काहीच लिहिलं नाही. लिहिण्यासारखं एवढं असूनही त्या फक्त बघत राहिल्या. असं उत्तर बत्तीस वर्षांत त्यांना कोणी दिलं नव्हतं, आणि ह्या माणसाला तीन वाजता पोलिसांत द्यायचं होतं. त्यांना मनापासून राग आला.

"काल कशाला आला होतात?"

"बीज सोडायच्या आदल्या दिवशी येतोच मी. बगायला. कोणी सांगत नाय, पण झोप लागत नाय त्याशिवाय. झाकण उघडला तर पांढरा झालेला. हात लावला तर टाकी चांगली कढत! नेहमीपेक्षा कढत. साहेबाला दोनदा फोन लावला, उचलला नाय."

"हे सकाळी का नाही सांगितलंत?"

"मना कोणी विचारलाच नाय, बाई. कागद वाचला फक्त."

बाई ताडकन उठल्या. निववत ठेवलेली टाकी, आणि नेहमीपेक्षा कढत? रस बसताना अंगातली ऊब बाहेर टाकतो. तापमान नोंदवणाऱ्या सुईला ते कळलंच असणार. त्या टाकीपाशी गेल्या. भिंतीवरच्या काचेच्या पेटीत एक गोल कागद हळूहळू फिरत असतो, त्यावर सुई तापमानाची रेघ ओढते. सकाळपासून तिकडे कोणी ढुंकून बघितलं नव्हतं. शनिवारपासून रेघ पंचेचाळीसवर सरळ, सपाट. आणि काल बारा वाजून दहा मिनिटांनी सुईने सरळ वर उडी मारली होती.

जिवल्या फाटकातून आत आला होता अडीच वाजता.

६

पावणेतीन वाजले होते. टाकीच्या चबुतऱ्यावर निमेश, हर्षित, वैष्णवी आणि जिवल्या उभे होते. बाईंनी गोल कागद निमेशच्या हातात दिला.

"जिवल्या सुटले. राहिले दोघं," त्या म्हणाल्या.

"मग हीच!" हर्षितने वैष्णवीकडे बोट केलं. "हिला सीडिंग येतं!"

"म्हणूनच ही नाही," बाई म्हणाल्या. "सकाळपासून तुम्ही सगळे विचारताय, की माल बिघडवायला सीडिंग कोणी केलं. अरे, माल बिघडवायचाच नव्हता कोणाला! कोणाला तरी काहीतरी लपवायचं होतं. जिवल्या, कांब घ्या आणि झाकणाखालचा एक ढेकूळ फोडून काढा."

जिवल्याने लांब कांब घातली, चार घाव घातले आणि खापरीएवढा तुकडा वर काढला. बाईंनी तो फोडला. पांढऱ्या दगडाच्या पोटात, लाडवातल्या बेदाण्यांसारखे, पिवळट गोळे होते.

निमेशने गोळा हातात घेतला आणि त्याचा चेहराच उतरला. "हे... हे तर जूनमध्ये परत आलेल्या पिंपातलं. ओल लागून पिवळं पडलेलं. हर्षित, ते तू नष्ट करायला पाठवलंस ना?"

हर्षितने एक पाऊल मागे घेतलं.

"पाठवलं नव्हतं," बाई म्हणाल्या. "पडून राहिलं असेल कुठेतरी कोपऱ्यात. उद्या तपासणीची माणसं येणार, नापास पिंप दिसलं तर मामा विचारणार, मग काल सुट्टीच्या दिवशी साहेबांना वाटलं, एवढ्या रसात पंधरा-वीस किलो विरघळून जाईल, कोणाला कळायचंय! वैष्णवीने तेच ऐकलं, ढप्पकन. आता बघ, निमेश. वैष्णवीला असं काही लपवायचं असतं, तर तिने रस तापवला असता, मग टाकलं असतं. जिवल्यांनीही. निवलेल्या रसात पूड विरघळत नाही, दाणा धरायला लावते, हे ज्याला कळतं तो हे करणारच नाही. करणार तो, ज्याला वाटतं बीज विरघळतं." त्यांनी पर्समधून घडी काढून उलगडली. "'ते रसात विरघळतं, त्याचा गुण सगळ्या रसाला लागतो.' खाली सही आहे."

"हे काय प्रूफ झालं?" हर्षितचा आवाज चिरकला. "एक डेफिनिशन चुकली म्हणून?"

"डेफिनिशनने मला कुठे बघायचं ते सांगितलं. प्रूफ फाटकावर आहे, पुंजारामच्या सायकलला बांधलेलं. महिनोन्‌महिने मागून न मिळालेलं पिंप नेमकं कालच कसं रिकामं झालं? आतल्या कडेला अजून पिवळी पूड चिकटलीय, माझ्या पदराला लागलीय बघ." बाईंचा आवाज आता खरोखर चढला. "त्यात त्याची लेकरं उद्यापासून पाणी पिणार होती, हर्षित! एवढा तरी विचार करायचास."

हर्षित चबुतऱ्याच्या पायरीवर मटकन बसला. "मामा, मला वाटलं विरघळेल," तो म्हणाला. "सकाळी बघितलं तर हे. मग घाबरलो. जिवल्याचं नाव वहीत होतंच..."

निमेशने तक्रारीचा कागद खिशातून काढला आणि फाडायला घेतला.

"थांबा, शेट," जिवल्या म्हणाला.

दिवसभरात पहिल्यांदाच तो न विचारता बोलला होता.

"फाडू नका. सकाळी चाळीस मानसांच्या देखत वाचला तो. माझा भाऊ होता त्यात, जावई होता. फाडून काय होते? ज्यांनी ऐकला त्यांना परत ऐकवा."

निमेशने कागद खाली केला. भाचा होता, बहिणीचा एकुलता एक. बहिणीला काय सांगायचं हे त्याच्या चेहऱ्यावर लिहिलेलं होतं. विजयाबाईंनी वही मिटली. ही तोंडी परीक्षा त्याची होती, आणि ह्या वेळी उत्तर सुचवायचं नव्हतं.

"चल," तो शेवटी हर्षितला म्हणाला. "तूच वाचणार."

तीनची शिफ्ट सुटत होती. बस फाटकाबाहेर इंजिन चालू ठेवून उभी होती. पुंजारामने पिंप सोडवून भिंतीशी उलटं घातलं होतं, आणि निमेशने बाजारातून नवंकोरं आणायला माणूस धाडला होता. चाळीस माणसं सकाळच्याच जागी उभी राहिली. जिवल्या पुन्हा तसाच डबा घेऊन, पण मान वर करून.

निमेश आधी बोलला. जिवल्या धोदडे निर्दोष आहे, एक तारखेला तो कायम होतोय, आणि टाकीवरचा हुकूम आजपासून त्याचा. मी चौकशी न करता कागद वाचू दिला, ती चूक माझी. मग त्याने हर्षितला पुढे ढकललं. हर्षितने नव्याने लिहिलेला कागद उघडला.

"काल दुपारी चार नंबरच्या टाकीत," त्याने वाचलं, "जे सीडिंग झालं, ते मी, हर्षितने..."

"नाय, साहेब," जिवल्या मधेच म्हणाला. मोठ्याने नाही, पण शेवटच्या रांगेपर्यंत ऐकू गेलं. "सीडिंग मी करतो. तुमी घाण टाकली. तसा लिवा."

कोणी हसलं नाही. हर्षितने खिशातून पेन काढलं, शब्द खोडला, वर दुसरा लिहिला आणि पुन्हा पहिल्यापासून वाचलं. जिवल्याने शेवटपर्यंत ऐकून घेतलं, डबा वैष्णवीच्या हातात दिला आणि टाकी तापवायला आत गेला. माल परत विरघळवायचा होता, पिवळं गाळायचं होतं, आणि उद्या सकाळी हात लावून बघायचं होतं.